मंडपाचं सुतक

फार फार मागची गोष्ट आहे. इतकी मागची, की तेव्हाच्या राजांची नावंसुद्धा आता कुणाला आठवत नाहीत. घाटाच्या तोंडाशी एक पेठेचं गाव होतं, आणि त्या गावात म्हाळसाबाई नावाची एक बाई राहत असे. नवरा मिठाचा मोठा व्यापारी. तो ऐन तारुण्यात गेला. मूलबाळ नव्हतं. संपत्ती मात्र भरपूर मागे राहिली.

अशा बाईने पुढे काय करावं हे सांगायला गावात माणसांची कधीच कमी नसते. कुणी म्हणालं, देऊळ बांधा. कुणी म्हणालं, दत्तक घ्या, आणि लगेच आपलाच धाकटा पुढे केला. म्हाळसाबाईने सगळ्यांचं ऐकून घेतलं, सगळ्यांना ताक दिलं आणि घरासमोरच्या मोकळ्या जागेवर गाण्याबजावण्यासाठी मंडप उभारला.

लोक हसले. हसू द्या. मंडप उभा राहिला. सागाचे खांब, वर कौलं, मागे कलावंतांना राहायला खोल्या आणि सगळ्यांना पुरेल एवढी मोठी चूल. ज्याला दुसरीकडे थारा नव्हता असा गवई, पायात चाळ बांधते म्हणून घराबाहेर काढलेली मुलगी, गळा गेलेला म्हातारा शाहीर, असे एकेक जण तिथे आले आणि राहिले. कुणाची जात विचारली गेली नाही. सकाळी रियाजाला बसला नाहीस तर मात्र दुपारी जेवताना म्हाळसाबाई वाढता वाढता असं काही बोलायची, की घास घशाखाली उतरत नसे.

गाव तिला 'म्हाळसाबाई, अहो' म्हणायचं. मंडपातली माणसं तेवढी 'आई, तू' म्हणायची. मोठ्या घरच्या बाईला अरेतुरे करतात म्हणून पेठेत नाकं मुरडली जायची. तिला मात्र ते 'तू' इतकं आवडायचं, की नवीन आलेला कलावंत पहिल्यांदा चुकून 'आई, तू' म्हणाला, की त्या दिवशी चुलीवर हमखास काहीतरी गोड शिजायचं.

एकदा मंडपातला आंधळा सारंगीवाला वारला. त्याच्या मागे कुणी नव्हतं. जात ठाऊक नाही, म्हणून गावातलं कुणी हात लावायला पुढे येईना. तेव्हा म्हाळसाबाई ओसरीवरून खाली उतरली आणि म्हणाली, "त्याला कुणी नाही असं कोण म्हणतं? मंडप त्याचं घर. घरातलं माणूस गेलं, की घर सुतक पाळतं. आपण सगळे पाळू."

तेव्हापासून तशी रीतच पडली. मंडपातलं कुणीही गेलं, की दहा दिवस चाळ खुंटीवर राहायचे. पखवाजाच्या डाव्या तोंडाला ओली कणीक लावल्याशिवाय तो घुमत नाही. त्या दहा दिवसांत कणीक भिजवली जायची नाही. ज्याला जगात कुणी नव्हतं, त्याच्यासाठी सगळा मंडप गप्प बसायचा. ही रीत म्हाळसाबाईच्या सगळ्या दानांतलं सर्वांत मोठं दान होतं, असं मला वाटतं. आणि याच रीतीने पुढे घात व्हायची वेळ आणली.

त्याचं असं झालं, की मंडपाची जागा मूळची राजाची. तेव्हाच्या म्हाताऱ्या राजाने ती मोठ्या मनाने दिली होती, पण राजेच ते, त्यांच्या मोठ्या मनालाही एक दोरी बांधलेली असते. अट अशी होती, की दर वसंत पंचमीला दिवस मावळायच्या आत मंडपात गाणं झालंच पाहिजे. ज्या वर्षी होणार नाही, त्या वर्षी जागा परत राजाची. अटीकडे कुणी कधी लक्ष दिलं नाही, कारण पंचमीच्या आधीच्या दहा दिवसांत मंडपातलं कुणी कधी गेलं नव्हतं, आणि एरवी पंचमी चुकायचा प्रश्नच नव्हता.

वर्षं गेली. राजा गेला, त्याचा मुलगा गेला, नातू गादीवर आला. म्हाळसाबाई होतीच. नव्वदी ओलांडली, दात गेले, पण कान शाबूत. मंडपात कुणाचा सूर घसरला, की समोरच्या घरातून काठी आपटल्याचा आवाज यायचा.

नव्या राजाला घोडदळ वाढवायचं होतं. घाटाच्या तोंडाशी, ऐन वाटेवर, एवढी मोठी छपराची जागा दुसरी नव्हती. त्याच्या कारभाऱ्याने मंडप बाहेरून पाहिला, आतून पाहिला, खांबांमधलं अंतरसुद्धा नजरेने मापलं. पण दिलेली जागा अशी कशी काढून घेणार? लोक काय म्हणतील? कारभारी वाट बघत राहिला. असली माणसं वाट बघण्यात फार तरबेज असतात.

त्या वर्षी पंचमी तोंडावर आली आणि म्हाळसाबाईने अंथरूण धरलं.

वैद्याने नाडी पाहिली, बाहेर येऊन मान हलवली. "पंचमीपर्यंत नेणं कठीण," तो म्हणाला. "पंचमीच्या पुढे नेणं त्याहून कठीण."

मंडपात हे कळलं आणि सगळ्यांच्या तोंडचं पाणी पळालं. आई पंचमीआधी गेली, तर सुतक. सुतकात गाणं नाही. गाणं नाही तर जागा नाही, आणि जागा नाही तर ही सगळी माणसं परत रस्त्यावर. आपली आई मरते आहे याचं दुःख करायचं, की ती कधी मरते याचा हिशोब करायचा, हेच त्यांना कळेना. आणि हिशोब मनात आला, की आपलीच लाज वाटायची.

तिकडे कारभारी रोज तब्येत विचारायला येऊ लागला. येताना फळं आणायचा. ओसरीवर बसून कलावंतांना म्हणायचा, "तुमच्यासारखी लेकरं पोटच्यांतही मिळत नाहीत. आईचं सुतक तुम्ही कसं पाळता ते जग बघेल. त्यात काही कमी पडू देऊ नका." ऐकणाऱ्यांचे डोळे भरून यायचे. इतका सज्जन माणूस, असं त्यांना वाटायचं.

म्हाळसाबाई आतून सगळं ऐकत होती. कान शाबूत होते म्हटलं ना.

तिने दोघांना आत बोलावलं. एक केरोबा, पखवाज वाजवणारा, आडदांड आणि हळवा. दुसरी शेवंता, मंडपाची मुख्य गायिका, कमी बोलणारी. दोघंही लहानपणी या चुलीवर जेवून मोठी झालेली.

"मी गेले तर सुतक पाळायचं नाही," म्हाळसाबाई म्हणाली. "पंचमीला गायचं."

केरोबाने जमिनीकडे बघत मान हलवली. "नाही आई. आजवर तुझं सगळं ऐकलं. हे नाही ऐकणार."

"मीच घातलेली रीत आहे. मीच मोडते."

"रीत तू घातलीस, पण पाळली आम्ही. त्या आंधळ्या सारंगीवाल्यासाठी गप्प बसलो. आणि तुझ्यासाठी नाही बसणार? माझा हातच उठायचा नाही, आई. जागा गेली तर जाऊ दे."

शेवंताचंही मन तेच सांगत होतं. बाहेर दाराशी उभे असलेले सगळे रडत होते. म्हाळसाबाईने एकेकाचं तोंड पाहिलं. प्रेमाने हट्टाला पेटलेल्या माणसांना समजावून सांगता येत नाही, हे तिला नव्वद वर्षांत चांगलंच कळलं होतं.

"बरं," ती म्हणाली. "उद्या मला मंडपात न्या. कारभाऱ्यांनाही बोलवा."

आता त्या मुलखातली एक जुनी, कठोर रीत सांगायला हवी. घरातल्या माणसाशी नातं कायमचं तोडायचं असलं, की साक्षीदारांसमोर पाण्याने भरलेला घडा फोडत. घट फुटला, की नातं मेलं. मग त्या दोघांत ना सुतक, ना श्राद्ध, ना पाण्याचा थेंब. आज आपण नवराबायकोबद्दल घटस्फोट म्हणतो, तो शब्द या घड्यातूनच आला. तेव्हा तो असा कुणाच्याही वाट्याला येऊ शकत होता. पण सहसा येत नसे. फार मोठं पाप केलेल्या माणसासाठीच लोक घट फोडत.

दुसऱ्या दिवशी म्हाळसाबाईला डोलीतून मंडपात आणलं. ती खांबाला टेकून बसली. कारभारी ताठ बसला. म्हातारी आता जागा सोडून देणार, अशी त्याची समजूत.

"केरोबा, तो पाण्याचा घडा जरा इकडे आण," ती म्हणाली.

तहान लागली असेल, म्हणून केरोबाने भरलेला घडा दोन्ही हातांनी उचलून तिच्यापुढे धरला. तिने हात पुढे केले आणि होती नव्हती तेवढी ताकद एकवटून घडा ढकलला. तो केरोबाच्या पायाशी पडून फुटला. पाणी सगळीकडे पसरलं.

"कारभारी, तुम्ही राजाच्या वतीने बघताय ना?"

"बघतोय," कारभारी गोंधळून म्हणाला.

"मग ऐकाही. हा केरोबा, ही शेवंता आणि या मंडपात राहणारी सगळी माणसं. यांच्याशी माझं काही नातं नाही. मी यांची आई नाही. मी मेले तर यांना माझं सुतक नाही."

केरोबा ओल्या पायांनी तसाच उभा होता. "आई," तो कसाबसा म्हणाला, "तू हे काय बोलतेस? मी काय केलं?"

"अहो म्हणा," म्हाळसाबाई म्हणाली. "मोठ्या घरची बाई आहे मी. कुणीही यावं आणि अरेतुरे करावं, असं मला खपत नाही."

केरोबाचा चेहरा पडला. तो वळला, पखवाज खांद्याला लावला आणि कुणाकडे न बघता मंडपातून चालता झाला. बाकीचेही एकेक करून मान खाली घालून उठले. कुणाला राग आला होता, कुणाला नुसतंच रडू येत होतं. साठ-सत्तर वर्षांची माया एका घड्याबरोबर संपते, यावर कुणाचा विश्वास बसत नव्हता, पण घडा तर फुटला होता.

शेवंता तेवढी थांबली. ती खाली बसून खापरं गोळा करत होती. करता करता तिचे हात मंदावले. तिने वर पाहिलं, मग कारभाऱ्याकडे पाहिलं, मग पुन्हा म्हातारीकडे. शेवटी तिने पदर सावरला आणि म्हणाली, "बाई, तुम्हाला बसून त्रास होत असेल. डोली आणायला सांगू का?"

आयुष्यात पहिल्यांदाच शेवंता तिला 'तुम्ही' म्हणाली होती. म्हाळसाबाईने डोळे मिटून घेतले.

"सांगा," ती म्हणाली.

ज्या पोरीला तिने न्हाऊमाखू घातलं, तिला 'सांगा' म्हणताना तिच्या जिवाचं काय झालं असेल? मला विचाराल तर घडा फोडणं सोपं होतं, हे अवघड होतं. ज्याला कुणी नाही, त्याचं कुणीतरी व्हायचं, यातच तिचा जन्म गेला होता. आता ती स्वतः कुणाचीही नव्हती.

दुसऱ्याच दिवशी, वसंत पंचमीच्या पहाटे, म्हाळसाबाई गेली.

उजाडतं न उजाडतं तोच कारभारी हजर झाला. सोबत शिपाई आणि दोन पंच. त्याने रात्रभर विचार केला होता आणि म्हातारीचा डाव त्याला कळला होता. मंडपाच्या दारात उभा राहून तो म्हणाला, "घट फुटला, हे मी पाहिलंय. नातं नसेल तर खुशाल गा. पण आज इथल्या एकानेही तिच्यासाठी डोळ्यांतून टिपूस काढलं, तिला आई म्हटलं, तिच्या तिरडीला हात लावला, तर नातं होतं असं ठरेल. मग सुतकात गाणं केलंत असं होईल आणि ते गाणं धरलं जाणार नाही. पंच बघतील."

बोलून तो दारातच बसला. शिपाई आत जाऊन एकेका खांबाशी उभे राहिले.

मंडपातल्या बाकीच्यांना शेवंताने रात्रीच म्हातारीचा डाव समजावला होता. गायला शेवंता होती, पण पखवाज नव्हता आणि केरोबाही नव्हता. तो घाटाच्या वाटेवर एका पिंपळाखाली बोचकं आणि पखवाज घेऊन बसला होता. शेवंता त्याला शोधत तिथे पोचली.

"चल, वाजवायचंय," ती म्हणाली.

"तिने मला तोडलं, शेवंता. माझ्याच हातून घडा आणवून तोडलं. मी कशाला वाजवू?"

"ती गेली, केरोबा. पहाटे."

केरोबाने बोचकं बाजूला ठेवलं.

"ती आई असती," शेवंता हळू म्हणाली, "तर आज तुला वाजवता आलं असतं का?"

तेव्हा कुठे त्या भोळ्या माणसाच्या डोक्यात उजेड पडला. त्याचा चेहरा लहान मुलासारखा वाकडा झाला. शेवंताने त्याचं मनगट घट्ट धरलं. "रडायचं नाही. मंडपात तर नाहीच. रडलास तर मुलगा ठरशील."

दोघं परत आली तेव्हा दुपार कलली होती. दारात कारभाऱ्याने केरोबाला अडवलं आणि समोरच्या घराकडे बोट केलं. "त्या घरात कोण गेलंय, माहीत आहे का?"

केरोबाने त्या ओसरीकडे पाहिलं. "कुणी मोठ्या घरची बाई होती म्हणतात," तो म्हणाला. "आमची ओळख नव्हती."

तो आत गेला. परातीत कणीक घेतली, भिजवली, पखवाजाच्या डाव्या तोंडाला लावली. पंच त्याचे हात बघत नव्हते, डोळे बघत होते. गाव दाराबाहेर जमलं होतं. ऊन खांबांवरून खाली सरकत होतं.

इकडे समोरच्या घरातून तिरडी उचलली जात होती. नातं सांगणारं कुणी नव्हतं, म्हणून पेठेतल्या हमालांनी खांदा दिला. स्मशानाची वाट मंडपावरूनच जात होती.

शेवंताने गायला सुरुवात केली. दर पंचमीचं पहिलं गाणं देवीचं नमन असायचं, आणि त्यात देवीला 'आई' म्हणून घातलेली हाक होती. ती सगळ्यांना पाठ होती, कारभाऱ्यालाही. गाणं बदललं तर पंचमीचं गाणं झालं नाही असं तो म्हणणार, हे तिला माहीत होतं. एकेक ओळ पुढे जात होती आणि बाहेर तिरडी जवळ येत होती. ती हाक यायची वेळ झाली, आणि नेमके तेव्हाच हमाल मंडपाच्या दारासमोर आले.

आता तिने 'आई' म्हटलं, तर तिला रडू फुटणार होतं. हे तिलाही कळलं, केरोबालाही, आणि कारभारी तर उठून उभाच राहिला.

शेवंता त्या शब्दापाशी आली आणि गप्प राहिली. तोंड उघडं, सूर आत. जेवढा वेळ तो शब्द घेतो तेवढा वेळ ती थांबली. केरोबाने पखवाजाच्या डाव्या तोंडावर एकच थाप दिली, भरदार आणि खोल. त्या थापेवरून शेवंता पुढच्या ओळीवर गेली. तिरडी दारासमोरून निघून गेली. मंडपात बसलेल्यांपैकी एकानेही मान वळवली नाही, आणि एकाच्याही डोळ्यातून पाणी आलं नाही. दाराबाहेरचं गाव मात्र ढसाढसा रडत होतं. त्यांना कुणी मना केलं नव्हतं.

दिवस मावळायच्या आत गाणं पुरं झालं. पंचांनी एकमेकांकडे पाहिलं आणि म्हणाले, "झालं." नमनातला शब्द गाळला, असं कारभारी म्हणू लागला, तेव्हा त्यांतला म्हातारा पंच म्हणाला, "गाळला कुठे? मी तर ऐकला." कारभारी शिपाई घेऊन निघून गेला. तिकडे स्मशानात एका हमालाने अग्नी दिला. त्याचं म्हाळसाबाईशी काही नातं नव्हतं.

मंडपातल्यांनी पुढे कितीतरी दिवस तिचं नाव काढलं नाही, कारण कारभाऱ्याची माणसं पेठेतून फिरतच होती. सुतकाचे दहा दिवस उलटून गेले, आता रडल्याने कुणाचं काही जाणार नव्हतं. तेव्हा केरोबा समोरच्या रिकाम्या ओसरीवर जाऊन बसला. "आई," त्याने हाक मारली, "तू जेवलीस का?" मग तो इतका रडला, की शेवंताने त्याला धरून परत आणलं आणि मग तीही रडली.

राजाने घोड्यांसाठी गावाबाहेर पागा बांधली. तो राजा गेला, पागाही पडली. मंडपाची कौलं किती वेळा बदलली गेली, पण पंचमी एकदाही चुकली नाही. आजही तिथे नमन गाताना त्या एका शब्दापाशी गाणारे थांबतात आणि पखवाजावर एकच थाप पडते. नवीन शिकणारे विचारतात, इथे शब्द का नाही? तेव्हा त्यांना ही गोष्ट सांगतात.

तात्पर्य: आपण उभं केलेलं आपल्यामागे टिकावं असं वाटत असेल, तर त्यावरचा आपला हक्क आपल्याच हाताने सोडावा लागतो.